ना, ळ आणि च : यंत्राच्या ठेक्यावरचे आशेचे गाणे

(परदेशीपुरा, इंदूर येथे लेखक, शिक्षक व विद्यार्थी यांच्यासमोर दिलेल्या व्याख्यानाचा संपादित पाठ)



या व्याख्यानासाठी मी पॉप गाण्याचा विषय सुचवला, तेव्हा एकदोन स्नेह्यांनी विचारले, ‘यात भाषेचे काय? ठेका यंत्राचा, वाद्ये यंत्राची, मग भाषेच्या माणसांनी बोलायचे ते कशावर?’ प्रश्न रास्त आहे. माझे आजचे सगळे बोलणे त्या प्रश्नाचे उत्तर म्हणून ऐकावे, अशी विनंती आहे.

हे उत्तर परदेशीपुऱ्यात बसून देणे सोयीचेही आहे. या वस्तीच्या आसपास मालवा मिल, कल्याण मिल, हुकुमचंद मिल अशा कापडगिरण्या होत्या. कोणी उत्तरेकडून आले, कोणी महाराष्ट्रातून आले, आणि मागांच्या खडखडाटात त्यांनी आयुष्य काढले. गिरणीचा भोंगा हेच त्यांचे घड्याळ होते. हुकुमचंद मिल डिसेंबर १९९१ मध्ये बंद पडली आणि तिथल्या कामगारांच्या थकलेल्या पैशांचा प्रश्न मार्गी लागायला डिसेंबर २०२३ उजाडावे लागले. मधली बत्तीस वर्षे लोकांनी वाट पाहिली. कित्येक जण वाट पाहता पाहताच गेले. तेव्हा आशा म्हणजे काय, हे या भागाला पुस्तकातून शिकावे लागत नाही. पुढे याच परदेशीपुऱ्यात इलेक्ट्रॉनिक कॉम्प्लेक्स उभे राहिले. यंत्राची लय, वाट पाहणे आणि विजेवर चालणारी वस्तू, या तिन्ही गोष्टी इथे ओळखीच्या आहेत. आजच्या विषयातही याच तीन गोष्टी आहेत. चौथी गोष्ट आहे ती आपली भाषा.

इलेक्ट्रॉनिक गाणे म्हणजे काय, ते आधी थोडक्यात पाहू. तबल्याचा आवाज कातड्याच्या कंपनातून येतो, सतारीचा तारेच्या कंपनातून. सिंथेसायझरमध्ये असे काही हलत नाही. विजेची आंदोलने निर्माण करून, ती गाळून, लहानमोठी करून ध्वनी घडवला जातो. आपल्या कानांना याची सवय फार जुनी आहे. १९५४ साली ‘नागिन’ चित्रपट आला. हेमंतकुमारांच्या संगीतातली ती बीन सगळ्या देशाने डोक्यावर घेतली. गारुड्याची वाटणारी ती बीन कल्याणजींनी क्लॅव्हिओलिन नावाच्या विजेवरच्या वाद्यावर वाजवलेली होती आणि रवी यांनी हार्मोनियमची साथ केली होती. म्हणजे लोक ज्याला अस्सल मातीतला सूर समजून डोलत होते, तो विजेतून आलेला होता. यंत्राचा आवाज परका आणि कोरडाच असतो, ही समजूत तेव्हाच मोडायला हवी होती.

पुढचा टप्पा ठेक्याचा. १९८० साली ‘कुर्बानी’ चित्रपटात नाझिया हसन या किशोरवयीन मुलीने बिद्दूंच्या संगीतात ‘आप जैसा कोई’ गायले आणि डिस्को आपल्या गल्लीत आला. १९८२ साली मुंबईतील वादक चरणजित सिंग यांनी दहा राग सिंथेसायझरवर आणि यंत्राच्या डिस्को ठेक्यावर वाजवून एक तबकडी काढली. रोलँड कंपनीची तीन यंत्रे त्यांनी वापरली : ज्युपिटर-८, टीबी-३०३ आणि टीआर-८०८. तबकडी तेव्हा फारशी कोणी विकत घेतली नाही. २०१० साली ती पुन्हा प्रकाशित झाली, तेव्हा जगभरचे जाणकार चकित झाले. कारण शिकागोच्या तरुणांनी त्याच टीबी-३०३ यंत्रातून ज्या प्रकारचे संगीत काढून नाव मिळवले, त्याच्या काही वर्षे आधी ही तबकडी निघालेली होती.

यातले टीआर-८०८ हे ठेक्याचे यंत्र आपल्या कामाचे आहे. त्यावर सोळा बटणे एका ओळीत असतात. चार मात्रा, प्रत्येक मात्रेचे चार भाग, असे सोळा खण. ज्या खणात आघात हवा, त्याचे बटण दाबायचे. यंत्र ती ओळ हवी तितका वेळ तशीच वाजवत राहते. आज मुलांच्या संगणकात आणि मोबाइलमध्ये गाणी करण्याची जी साधने आहेत, त्यांच्या पडद्यावरही बहुधा हीच सोळा खणांची चौकट दिसते. तबलजी काय करतो? गायक समेकडे येत असला की किंचित पुढे सरकतो, गायकाचा श्वास लांबला की किंचित थांबतो. यंत्र थांबत नाही. त्याला गायकाचा श्वास दिसत नाही. म्हणून यंत्राच्या ठेक्यावरच्या गाण्यात जिवंतपणाची फार मोठी जबाबदारी गळ्यावर येऊन पडते. गळ्यावर पडते, म्हणजेच शब्दांवर पडते. कोणते अक्षर लांबवायचे, कोणते तोडायचे, कुठे खण रिकामा ठेवायचा, हे भाषाच ठरवते. ‘यात भाषेचे काय’ या प्रश्नाचे पहिले उत्तर हे, की वाद्ये जितकी यांत्रिक होत जातात, तितके शब्दांचे काम वाढते.

१९९२ साली ‘रोजा’ आला. ए. आर. रहमान यांनी चेन्नईत घराशेजारी स्वतःचा स्टुडिओ उभारला होता आणि तिथे संगणक व सिंथेसायझर यांच्या साह्याने ते गाणी बांधत होते. त्या चित्रपटात मिनमिनी यांनी गायलेल्या गाण्याच्या हिंदी रूपाच्या मुखड्यातच ‘छोटी सी आशा’ आहे. यंत्राच्या ठेक्यावर आशेचे गाणे म्हटले की देशभर ते आठवते. पण १९८२ची ती तबकडी आणि १९९२चा ‘रोजा’ यांच्या अधेमधे एक मराठी गाणे उभे आहे. त्याचा धागा आपल्या निमाड-माळव्याशी जुळलेला आहे, आणि भाषेच्या अभ्यासकांसाठी ते फार बोलके आहे. त्याचे नाव ‘अश्विनी ये ना’.

१९८७ साली सचिन पिळगांवकर दिग्दर्शित ‘गंमत जंमत’ हा चित्रपट आला. गीत शांताराम नांदगावकरांचे, संगीत अरुण पौडवालांचे, आवाज किशोरकुमार आणि अनुराधा पौडवाल यांचे. पडद्यावर अशोक सराफ आणि चारुशीला साबळे. अरुण पौडवाल मूळचे अ‍ॅकॉर्डियनवादक. सचिनदेव बर्मन यांचे सहायक म्हणून त्यांनी काम केले होते आणि अनिल मोहिले यांच्याबरोबर ‘अनिल-अरुण’ या नावाने मराठी भावगीतांना चाली दिल्या होत्या. म्हणजे भावगीताची हळुवार वळणे आणि हिंदी चित्रपटांतल्या वाद्यवृंदाचा थाट, दोन्ही त्यांच्या हातात होते. ‘अश्विनी ये ना’ संपूर्ण यंत्रावर बांधलेले गाणे आहे, असे मी म्हणणार नाही. ते उंबरठ्यावरचे गाणे आहे. ऐंशीच्या दशकातल्या डिस्को-पॉपची धाटणी आणि भावगीताचा जिव्हाळा त्यात एकत्र आले.

आणि गाणारा गळा खांडव्याचा. किशोरकुमारांचा जन्म ४ ऑगस्ट १९२९ रोजी खांडव्यात, गांगुली कुटुंबात झाला. त्याच वर्षी २८ सप्टेंबरला आपल्या इंदुरात लताबाईंचा जन्म झाला. किशोरकुमार शिकायला इंदूरच्या ख्रिश्चन कॉलेजात होते. तिथल्या कँटीनच्या उधारीवरूनच पुढे ‘चलती का नाम गाडी’तल्या पाच रुपये बारा आण्यांच्या गाण्याची कल्पना निघाली, असे इंदुरात आवडीने सांगतात. घरी बंगाली, गावात हिंदी आणि निमाडी, कॉलेजात इंदुरी हिंदी अशा भाषांत वाढलेला हा माणूस मराठी गाणे गायला उभा राहिला, तेव्हा एक अडचण निघाली.

या गाण्याच्या घडणीची हकीकत मराठी चित्रपटसृष्टीत अनेकदा सांगितली जाते. किशोरकुमारांना मराठीतल्या दोन अक्षरांची धास्ती होती. ‘ळ’ आणि ‘च’. ही अक्षरे नसतील तर गातो, असे त्यांचे म्हणणे होते; आणि नांदगावकरांनी ही अट सांभाळून शब्द लिहिले.

ही हकीकत आपण गंमत म्हणून सांगतो आणि हसून सोडून देतो. भाषेच्या माणसांनी मात्र तिथे थांबायला हवे. नेमकी हीच दोन अक्षरे का? ‘ळ’ प्रमाण हिंदीत नाही, बंगालीतही नाही. ‘च’ दोन्ही भाषांत आहे, पण तो तालव्य आहे. मराठीत ‘च’ एका अक्षराने लिहिला जातो आणि उच्चार मात्र दोन होतात. ‘चिंच’ म्हणताना पहिला च टाळूला लागतो. ‘चमचा’ म्हणताना जीभ दातांच्या मुळाशी जाते. हा दुसरा, दंततालव्य च लिपी दाखवत नाही. तो कानानेच शिकावा लागतो. ज्या गायकाने आयुष्यभर उच्चारांवर हुकूमत गाजवली, त्याला कागदावर न दिसणारा उच्चार अवघड वाटावा, यात नवल नाही. त्यांची भीती हा एका अर्थाने मराठीचा आदरच होता. चुकीचे गाण्यापेक्षा न गाणे बरे, असे त्यांना वाटले.

आता नांदगावकरांची बाजू पाहा. गीतकाराच्या पिशवीतून दोन अक्षरे काढून घेतली. शिवाय चाल द्रुत, ठेका डिस्कोचा. अशा वेळी त्यांनी जो मुखडा उभा केला, त्याचे सगळे बळ दोन अक्षरांत आहे : ‘ये ना’.

‘ये’ ही आज्ञा आहे. ‘ये ना’ ही आज्ञा राहत नाही. तो आग्रह होतो, विनवणी होते, लाडीगोडी होते. मराठी व्याकरणात आपण क्रियापदाचे अर्थ शिकवतो : स्वार्थ, आज्ञार्थ, विध्यर्थ, संकेतार्थ. स्वार्थ घडते ते सांगतो. आशा राहते ती उरलेल्या तिघांत. ये, यावे, आली असती तर. ज्ञानेश्वरीच्या शेवटचे पसायदान मागण्याच्या क्रियापदांवरच उभे आहे. मराठीत आशेला अशी व्याकरणाची जागा आहे. आणि बोलीत त्या जागेवर एक छोटासा ‘ना’ येऊन बसतो. गंमत अशी, की हाच ‘ना’ दुसरीकडे नकार असतो. ‘ना’ म्हणजे नाही. ‘ये ना’ म्हणजे नक्की ये. नकाराची शक्यता पोटात घेऊनच आग्रह बोलला जातो. येणारच असेल तिला कोणी ‘ये ना’ म्हणत नाही.

शिवाय हा ‘ना’ हिंदीच्या कानालाही परका नाही. हिंदीत ‘आओ ना’ म्हणतात, आपण ‘ये ना’ म्हणतो. दोन्ही भाषांच्या वाटा जिथे मिळतात, नेमका तिथला शब्द नांदगावकरांनी उचलला. खांडव्याच्या गळ्याला तो जन्मापासून येत होता.

ध्वनीच्या अंगानेही पाहा. अश्, वि, नी, ये, ना : पाच उच्चारखंड. गुरू, लघू, गुरू, गुरू, गुरू. शेवटचे तीन ई, ए, आ या मोकळ्या दीर्घ स्वरांत संपतात. तोंड कुठेच मिटत नाही, आवाज हवा तितका ताणता येतो. सोळा खणांच्या चौकटीत ही पाच अक्षरे कोणत्याही चालीत ठेवली, तरी भोवती रिकाम्या जागा उरतात. हाक मारली, की हाकेनंतर शांतता हवी. कारण उत्तर त्या शांततेत यायचे असते. द्रुत ठेक्यावर शब्द ठासून भरण्याचा मोह होतो. हाक मारणारे शब्द कमी हवेत, एवढे जरी या मुखड्याकडून नवा गीतकार शिकला, तरी पुष्कळ झाले.

१३ ऑक्टोबर १९८७ रोजी किशोरकुमार गेले. ज्या वर्षी हे मराठी गाणे लोकांच्या ओठांवर आले, ते त्यांचे शेवटचे वर्ष ठरले. त्यांनी मराठीत मोजकीच गाणी गायली. त्यांतले एक ‘तुझी माझी जोडी जमली’. त्यातल्या ‘जोडी’चा ज मराठीत दंततालव्य आहे, म्हणजे च ज्या जातीचा, त्याच जातीचा.   अक्षरांनी त्यांची पाठ सोडली नाही, असेच म्हणायचे.

इथपर्यंतची गोष्ट आनंदाची आहे. आता काळजीची बाजू. किशोरकुमारांनी ळ आणि च टाळले ते एका गाण्यापुरते, आणि कारण सांगून. आपल्या इंदुरातल्या मराठी घरांत ळ हळूहळू जातो आहे, आणि कारण कोणी सांगत नाही. घरी मराठी बोलणारी, शाळेत हिंदी आणि इंग्रजीत शिकणारी आपली मुले ‘शाला’ म्हणतात, ‘दिवाली’ म्हणतात, ‘काला’ म्हणतात. आजीला खटकते, आईला क्वचित खटकते, मुलाला अजिबात खटकत नाही. ‘एवढ्या एका अक्षराने काय होते?’ असे शिक्षकही म्हणतात.

काय होते ते शब्दांची यादी केली की दिसते. आशेचे शब्द मराठीत कोणते आहेत, ते आठवून पाहा. सकाळ. आभाळ. उजळणे. कोवळे. कळी. वेळ. ओंजळ. मोकळे. जिव्हाळा. हळूहळू. बाळ. ज्या शब्दांत उजेड आहे, वाढ आहे, सुटका आहे, त्यांतल्या कितीतरी शब्दांत ळ बसलेला आहे. ळ गेला, तर ‘सकाळ’ची ‘सकाल’ होते आणि ‘वेळ’चा ‘वेल’ होतो. ‘माझी वेळ येईल’ हे वाक्य गिरणी बंद पडलेल्या माणसाचे आहे. ‘माझी वेल येईल’ हे माळ्याचे.

आणि च? मराठीतला शब्दाच्या शेवटी लागणारा च आठवा. ‘होणार’ हे भविष्य आहे. ‘होणारच’ हा निश्चय आहे. उद्याच, मीच, इथेच, येणारच. हा च हिंदीतल्या ‘ही’चे काम करतो, पण अर्ध्या जागेत करतो. ‘ही’ला स्वतंत्र अक्षर लागते, आपला च मागच्या अक्षराला चिकटून मोकळा होतो. म्हणजे असे दिसते, की ज्या दोन अक्षरांना वगळून ‘अश्विनी ये ना’ लिहिले गेले, ती दोन्ही मराठीच्या आशेची कोठारे आहेत. एकात उजेडाचे शब्द, दुसऱ्यात खात्री. नांदगावकरांनी ती दोन्ही कोठारे बंद ठेवून फक्त ‘ना’च्या बळावर आशेचे गाणे उभे केले, यात त्यांचे कसब आहे. पण ज्यांच्यावर अशी अट नाही, त्यांनी कोठारे बंद ठेवावीत, याला काही अर्थ नाही.

इलेक्ट्रॉनिक गाण्याच्या दृष्टीनेही ही अक्षरे सोन्यासारखी आहेत. दंततालव्य च उच्चारताना हवेची एक बारीक, तीक्ष्ण फुटी होते. तिची शक्ती ध्वनीच्या वरच्या पट्टीत असते. ड्रममधल्या बारीक झांजेची, हाय-हॅटची, शक्तीही तिथेच असते. म्हणून ‘होणारच’मधला शेवटचा च ठेक्याच्या खणात नेमका पडला, तर तो शब्दही असतो आणि वाद्यही. ळचे काम वेगळे. तो सघोष आहे. जीभ मागे वळून झटकन सुटते, पण स्वर तुटत नाही. सूर ळमधून वाहत जाऊ शकतो. च आघात देतो, ळ वळण देतो. यंत्राच्या चौकोनी चौकटीत गायकाला याच दोन गोष्टी लागतात.

गेल्या काही महिन्यांत मी इथल्या काही मुलामुलींबरोबर बसून, संगणकावर साधा चार मात्रांचा ठेका लावून, त्यावर मराठी ओळी म्हणून पाहतो आहे. पहिली ओळ आम्ही मुद्दाम लहान घेतली : ‘सकाळ होणारच’. यातही पाच उच्चारखंड आहेत. स, काळ, हो, णा, रच. यात ळ आहे, च आहे, आणि विनवणीच्या जागी निश्चय आहे. एका मुलीचा आवाज सुरेल होता. तिने म्हटले, ‘सकाल होणारच’. सूर जरा इकडेतिकडे गेला होता, तो आम्ही सॉफ्टवेअरने जागेवर आणला. १९९७ पासून अशी सूर सुधारणारी साधने बाजारात आहेत. पण ‘सकाल’ची ‘सकाळ’ करणारे बटण आम्हाला त्यात सापडले नाही. यंत्र सूर सुधारते. अक्षर गाणाऱ्यालाच सुधारावे लागते.

मग मी मुलांना एक काम दिले. भाजीबाजारात जा, आसपासच्या खेड्यांतून येणारी म्हातारी माणसे माळवी बोलतात, ती ऐका. आठवड्याने मुले परत आली ती आश्चर्य घेऊन. ‘सर, त्यांना ळ येतो!’ येतोच. माळवीत ळ आहे, निमाडीत ळ आहे. शेजारच्या राजस्थानीत आहे, गुजरातीत आहे. आपण ज्या भूमीवर राहतो, तिचे नाव आपण माळवा असे लिहितो आणि इथला शेतकरीही ते तसेच उच्चारतो. गिरणीच्या पाटीवर मात्र ‘मालवा’ आले. ळ ही मराठी माणसाने दक्षिणेकडून सोबत आणलेली अडचण आहे, असे मुलांना वाटत होते. तो इथल्याच मातीत आहे, हे कळल्यावर त्यांचा संकोच गेला. त्या मुलीला ळ जमायला पुढे चार दिवसही लागले नाहीत. ज्या खांडव्यात किशोरकुमार वाढले, तिथल्या बोलीतही ळ होता, हे लक्षात घेतले म्हणजे त्यांच्या अटीकडे पाहण्याची आपली नजर बदलते. ध्वनी गावात होता. शाळेच्या आणि चित्रपटाच्या भाषेत नव्हता. माणूस जी भाषा प्रतिष्ठेची मानतो, तिचेच ध्वनी त्याच्या जिभेवर टिकतात.

म्हणून प्रश्न प्रतिष्ठेचा आहे, आणि आज लहान मुलांसाठी प्रतिष्ठा गाण्यात आहे. इंदूर २०१७ मध्ये स्वच्छ सर्वेक्षणात पहिले आले आणि पुढची वर्षे पहिलेच राहिले. या काळात रोज सकाळी आपल्या दारात कचरागाडी येते, ती गाणे वाजवत येते. शान यांच्या आवाजातले ‘हो हल्ला’ इथल्या पोरासोरांना तोंडपाठ आहे. संगणकावरच्या ठेक्याचे, शहराला उभारी देणारे गाणे कर्ण्यातून रोज वाजले, की ते भाषा किती खोलवर पोचवते, हे आपण दारात उभे राहून पाहिले आहे. ते गाणे हिंदीत आहे, आणि ते तसेच योग्य आहे. शहराची समाईक भाषा हिंदी आहे. माझे म्हणणे एवढेच, की आपल्या मुलांच्या तोंडी एखादे तितकेच आजचे मराठी गाणेही असावे. अभंग आहेत, भावगीते आहेत, ती हवीतच. पण तेरा वर्षांच्या मुलाला स्वतःच्या मोबाइलवर, स्वतःच्या ठेक्यावर, स्वतःच्या उद्याविषयी मराठीत काही म्हणावेसे वाटले, तर त्याच्यापुढे नमुना काय आहे?

इथे बसलेल्या तरुण लेखकांना तीन व्यावहारिक गोष्टी सांगतो. पहिली, ठेका आधी लावा आणि शब्द बोलून पाहा, लिहून नव्हे. लिपीत ‘सकाळ’ तीन अक्षरांची आहे, बोलताना दोन उच्चारखंडांची. यंत्राला लिपी कळत नाही, उच्चार कळतो. दुसरी, हिंदी गाण्याच्या चालीवर मराठी शब्द कोंबू नका. हिंदीतले ‘है’, ‘हूँ’, ‘था’ ओळीच्या शेवटी उभे राहून गायकाला टेकू देतात. मराठीत ते काम क्रियापदाचा प्रत्यय करतो : येईन, येऊ, यावे, ये ना. ओळ कुठे टेकवायची ते आपल्या क्रियापदाला विचारा. तिसरी, इंदुरी मराठीची लाज बाळगू नका. आपल्या बोलण्यात हिंदीची वळणे आहेत, ती राहू द्या. पुण्याची नक्कल करून लिहिलेले गाणे परदेशीपुऱ्यातला मुलगा गाणार नाही. शब्द मिसळले तरी भाषा तग धरते. ध्वनी गेले, की ते परत आणणे कठीण जाते.

शिक्षकांना एकच विनंती. मुलाने ‘सकाल’ म्हटले, तर वर्गात त्याला हसू नये आणि हसू देऊ नये. किशोरकुमारांसारख्या गायकालाही ज्या अक्षराची धास्ती वाटली, ते अक्षर आहे हे. त्याला ठेका द्या, ओळ द्या, दहा वेळा म्हणू द्या. व्याकरणाच्या तासाला ज्या ळचा कंटाळा येतो, तो ठेक्यावर खेळ होतो.

आणि अकादमीला विनंती, की वार्षिक अंकात जशा कविता येतात, तशी गाण्यासाठी लिहिलेली गीतेही यावीत, आणि ती ठेक्यावर म्हणून पाहूनच निवडावीत.

‘ये ना’ म्हणायला आपण १९८७ मध्ये शिकलो. त्या विनवणीत एका मोठ्या गायकाने ळ आणि च आपल्याकडे ठेव म्हणून सोडले, असे मी समजतो. ती ठेव वापरून पुढचे गाणे इथल्या मुलांनी करावे. आमच्या त्या पाच उच्चारखंडांच्या ओळीला अजून अंतरा मिळालेला नाही. आपल्यापैकी कोणी लिहिला, तर मुले वाट पाहत आहेत.